रफ कट धनगरवाड्यावर दाखवला आणि मतभेद झाले: कोणते दृश्य ठेवावे, हे कोणी ठरवायचे?

प्रश्न विचारणारा: रानवाट, फोंडा

नमस्कार. मी फोंड्यात राहतो. दिवसा एका खासगी कंपनीत हिशेब लिहितो आणि गेली अडीच वर्षे शनिवार-रविवारी गोव्यातल्याच सत्तरी तालुक्यातील एका धनगरवाड्यावर जाऊन माहितीपटाचे चित्रीकरण करतो. साधने बेताचीच आहेत: एक मिररलेस कॅमेरा, दोन लॅपल माइक, उसना आणलेला ट्रायपॉड आणि ध्वनी सांभाळणारा मामेभाऊ. वाड्यावर 11 घरे आहेत. म्हशी, थोड्या गायी-शेळ्या, दूध आणि शेणखत यांवर त्यांचे चालते. भोवतालचे रान 1999 साली म्हादई अभयारण्यात गेले. पिढ्यान्‌पिढ्या ज्या वाटांनी गुरे गेली, त्याच वाटांवर आता चोरासारखे का वावरावे लागते, हा माहितीपटाचा विषय आहे.

सुमारे 70 तासांच्या चित्रणातून 52 मिनिटांचा रफ कट, म्हणजे कच्चे संकलन, उभा राहिला. गेल्या महिन्यात संध्याकाळच्या धारा काढून झाल्यावर एका अंगणात चादर बांधून तो वाड्यावर दाखवला. कौतुक होईल अशी मनातून अपेक्षा होती. झाले ते भांडण.

पहिला वाद आजोबांच्या दृश्यावरून झाला. ते कांबळ पांघरून, काठी टेकून दारात उभे आहेत आणि वाडवडिलांची हकीकत सांगत आहेत. दृश्य देखणे आहे. मात्र त्या दिवशी दाराशी नातवाची मोटारसायकल उभी होती आणि ती चौकटीबाहेर घ्यायला मीच सांगितले होते, हे कबूल करतो. पुढच्या खेपेस गेलो, तेव्हा मी काही म्हणण्याआधीच मोटारसायकल गोठ्यामागे गेलेली होती, प्लॅस्टिकच्या खुर्च्या आत गेल्या होत्या आणि आजोबा कांबळ घेऊन तयार बसले होते. रफ कट पाहून नातू चिडला. आम्ही असे राहत नाही, हे पाहून लोक आम्हाला रानटी समजतील, असे त्याचे म्हणणे. आजोबांचे म्हणणे नेमके उलटे. धनगरांना अनुसूचित जमातींच्या यादीत घ्यावे ही मागणी कित्येक वर्षांची आहे. पडद्यावर मोटारसायकल दिसली तर त्या मागणीत राहिले काय, असा त्यांचा सवाल.

दुसरा वाद अधिक अवघड आहे. पहाटेच्या धुक्यातून म्हशींचा कळप रानात शिरतो, मागोमाग आजी चालते. अडीच वर्षांत हाती लागलेले माझे सर्वांत चांगले 4 मिनिटांचे चित्रण ते हेच. वाड्यावरच्या दोघा तरुणांनी ते काढून टाकायला सांगितले, कारण कळप कोणत्या रानात शिरतो हे जाणकाराला ओळखता येते. आजी मात्र म्हणाली, ‘‘म्हशी नाही दाखवल्यास तर आमचे दाखवलेस काय?’’

ज्यांना कोणी विचारत नाही त्यांना आवाज मिळवून द्यावा, एवढ्याच भावनेने मी या कामात पडलो. आता 11 घरांतून 11 प्रकारचा आवाज येतो आहे आणि त्यातला कोणता माहितीपटाचा, हे मी ठरवायचे आहे. संमतिपत्रावर सगळ्यांच्या सह्या आहेत, काहींचे अंगठे आहेत, त्यामुळे कागदोपत्री मी मोकळा असेन, मनाने नाही. ज्यांनी असे काम केले आहे त्यांनी कृपया मार्गदर्शन करावे.

उत्तर: संकलक, मडगाव

आधी संमतिपत्राविषयी. आपण घेतलेली सही चित्रीकरणाची परवानगी आहे. दाखवण्याची परवानगी ही निराळी गोष्ट असून, माणसाने स्वतःला पडद्यावर, इतरांच्या शेजारी आणि एका विशिष्ट क्रमात पाहिल्याशिवाय ती त्याला देताच येत नाही. दृश्य घेतले जात असताना आपल्या वाक्याच्या आधी काय जोडले जाणार आहे आणि नंतर काय, हे आजोबांना ठाऊक नव्हते, आपल्यालाही नव्हते. अर्थ तर तिथेच ठरतो.

हा विचार नवा नाही. 1967 साली कॅनडाच्या नॅशनल फिल्म बोर्डाचे कॉलिन लो न्यूफाउंडलंडच्या किनाऱ्याजवळील फोगो बेटावर गेले. मासेमारीवर जगणारी ती वस्ती हलवावी, असा सरकारी विचार चालू होता. त्यांनी एकच मोठा माहितीपट करण्याऐवजी 25 हून अधिक लहान लहान फिल्म केल्या, एकेका माणसाच्या किंवा एकेका विषयाच्या. त्या आधी बेटावरच दाखवल्या. ज्याला आपले बोलणे बाहेर जायला नको होते, त्याला ते थांबवता येत होते. त्यानंतर त्या प्रांताच्या मंत्र्यांना दाखवल्या आणि मत्स्योद्योग मंत्र्यांचे उत्तर चित्रित करून ते परत बेटावर नेले. पुढे तिथे मच्छीमारांची सहकारी संस्था उभी राहिली. या पद्धतीत दिग्दर्शकाला ‘आपला’ माहितीपट मिळत नाही, ही तिची किंमत आहे. ती मोजायची तयारी आहे का, हे आपण स्वतःला विचारावे. नसेल तर तेही अप्रामाणिक नाही, फक्त तसे वाड्यावर स्पष्ट सांगावे लागेल.

मोटारसायकलीचे म्हणाल, तर माहितीपटाच्या इतिहासातला पहिला गाजलेला दाखला हाच आहे. 1922 च्या ‘नानूक ऑफ द नॉर्थ’मध्ये रॉबर्ट फ्लाहर्टी यांनी इन्युइट माणसांना भाल्याने शिकार करायला लावले, वास्तविक त्यांच्याकडे तोवर बंदुका आलेल्या होत्या, आतले चित्रण करता यावे म्हणून बर्फाचे अर्धेच घर बांधले, नायकाचे खरे नावही नानूक नव्हते. आपण मोटारसायकल सरकवली ती त्याच परंपरेत, फक्त नकळत. माझा सल्ला असा की ते दृश्य काढू नका, मागे जा. त्या दिवशीच्या रशेसमध्ये, म्हणजे न कापलेल्या मूळ चित्रणात, ‘‘गाडी जरा बाजूला घ्या’’ असे म्हणणारा आपला आवाज असेलच. तो शोधून दृश्य तिथून सुरू करा. गाडी जाते, कांबळ येते, आजोबा बोलू लागतात. नातवाला हवे ते त्यात आहे आणि आजोबांनाही हवे ते आहे. कमी होतो तो फक्त आपला रुबाब.

आणखी एक इशारा. 2021 च्या ‘रायटिंग विथ फायर’ला ऑस्करचे नामांकन मिळाले, त्याचे सर्वत्र कौतुक झाले, आणि ज्यांच्यावर तो माहितीपट होता त्या ‘खबर लहरिया’ या स्त्रियांनी चालवलेल्या वृत्तसंस्थेने मार्च 2022 मध्ये निवेदन काढून, चित्रपट प्रभावी असला तरी आमच्या कामाचे त्यातले चित्र अपुरे व अचूक नसलेले आहे, असे जाहीर केले. ज्या स्त्रियांचे कामच बातमीदारी आहे, त्यांना निवेदन काढता आले. आपल्या आजीला ते करता येणार नाही, म्हणून तिचे म्हणणे आत्ताच ऐकणे भाग आहे.

म्हशींच्या दृश्यात डोंगराची कड किती वेळा दिसते, ते एकदा मोजा. ओळख पटते ती कडेवरून. खूर, धुके, आजीची पाठ आणि गळ्यातल्या घंटा एवढ्यावरही ती 4 मिनिटे उभी राहतील. घंटेच्या आवाजावरून तालुका कळत नाही.

उत्तर: वकिली टिपण, डिचोली

प्रश्नकर्त्याने ‘गावाचे नाव देत नाही’ या सावधगिरीने लिहिले आहे, पण तालुका, घरांची संख्या आणि अभयारण्य हे सर्व एका परिच्छेदात दिले आहे. शक्य असेल तर ते आधी काढून टाकावे.

कायद्याच्या बाजूने पाहता, एकच चित्रण या लोकांच्या विरोधात आणि त्यांच्या बाजूने असे दोन्हीकडे जाऊ शकते. वन्यजीव संरक्षण कायदा, 1972 नुसार अभयारण्यात परवानगीवाचून गुरे चारणे हा गुन्हा ठरू शकतो आणि चेहरा, जागा व तारीख स्पष्ट असलेले दृश्य हा आयता पुरावा असतो. दुसरीकडे, वन हक्क कायदा, 2006 चराईचा सामूहिक हक्क मान्य करतो, अभयारण्यांनाही लागू होतो आणि दाव्याची छाननी पूर्ण होईपर्यंत कोणाला हुसकावता येत नाही असे सांगतो. पण गोव्यात गावडा, कुणबी आणि वेळीप यांना 2003 मध्ये अनुसूचित जमातीचा दर्जा मिळाला तसा धनगरांना मिळालेला नाही. त्यामुळे त्यांना ‘इतर पारंपरिक वननिवासी’ म्हणून दावा करावा लागतो आणि 13 डिसेंबर 2005 पूर्वी किमान तीन पिढ्या, म्हणजे 75 वर्षे, आपण इथलेच असल्याचे दाखवावे लागते. ज्यांच्या आज्या-पणज्यांकडे ना जमिनीचा कागद होता ना मतदार यादीत नाव, त्यांनी हे कसे दाखवायचे?

इथे आपले 70 तास कामाला येतील, 52 मिनिटे नव्हेत. या कायद्याच्या नियमांतील नियम 13 मध्ये पुराव्यांची यादी आहे. तीत दावेदार नसलेल्या वडीलधाऱ्यांचे लेखी स्वरूपात उतरवलेले निवेदन, घरे-गोठे-विहिरींच्या खुणा, दफनभूमी व पूजास्थाने, वंशावळ असे बरेच काही येते. त्यांतले एकाहून अधिक पुरावे लागतात. ‘दावेदार नसलेल्या’ हे शब्द नीट वाचावेत. आपले आजोबा स्वतः दावेदार असतील तर त्यांच्या मुलाखतीपेक्षा शेजारच्या गावातील एखाद्या वृद्ध शेतकऱ्याने ‘मी लहान असताना या वाड्यावरून आमच्याकडे शेणखत येत असे’ असे सांगणे अधिक उपयोगाचे. अशा मुलाखती अखंड, विनासंकलन जपून ठेवाव्यात, शब्दशः कागदावर उतरवून ग्रामसभेच्या वन हक्क समितीकडे द्याव्यात. न्यायालयात रेकॉर्डिंग दाखल करण्याची वेळ आली तर भारतीय साक्ष्य अधिनियम, 2023 च्या कलम 63 चे प्रमाणपत्र लागते, म्हणून मूळ मेमरी कार्डावरची फाइल कोणी, कधी, कशात उतरवली याची नोंदवही आजच सुरू करा.

माहितीपट सुंदर व्हावा की सुरक्षित, या वादात मी पडत नाही. ओळख पटण्याजोगे चराईचे दृश्य दावा निकालात निघेपर्यंत कपाटात राहू द्यावे, एवढेच.

उत्तर: पाचवा पिरियड, वाळपई

मी याच समाजातला. माध्यमिक शाळेत शिकवतो. हा प्रश्न दोनदा वाचला आणि ‘आवाज मिळवून द्यावा’ या शब्दांपाशी दोन्ही वेळा थांबलो. सर, राग मानू नये, पण आमच्याकडे आवाजाची वाण कधीच नव्हती. डोंगराच्या या कडेवरून त्या कडेवरच्या माणसाला हाक घालणारी आम्ही माणसे. खाली ऐकणारे कोणी नव्हते. त्यामुळे आपला कॅमेरा आमच्या तोंडासमोर किती वेळ राहिला यापेक्षा आपण हा पट खाली कोणाला दाखवणार आहात, याची मला अधिक उत्सुकता आहे.

आजोबांच्या कांबळीवर सगळ्यांनी लिहिले, पण ती कांबळ त्यांनी का घेतली हे बाहेरच्यांना समजणे अवघड आहे. एखाद्या समाजाला अनुसूचित जमात मानावे की नाही, हे ठरवताना आजही 1965 च्या लोकूर समितीचे निकष लावले जातात: आदिम लक्षणे, वेगळी संस्कृती, भौगोलिक एकाकीपणा, बाहेरच्यांशी मिसळण्यातला बुजरेपणा आणि मागासलेपण. म्हणजे ज्या मुलाला मी पाचव्या तासाला ‘धीट हो, बोल’ असे शिकवतो, त्याच्याच समाजाने सरकारदरबारी मात्र आपण बुजरे आहोत हे सिद्ध करायचे. आजोबांना हे निकष पाठ नसतील, पण त्यांचा मथितार्थ त्यांना पुरता कळला आहे. ते नाटक करीत नव्हते, अर्ज करीत होते. यादीच्या मागणीचे घोंगडे इतकी वर्षे भिजत पडले आहे. घोंगडेही आमचेच आणि भिजतोही आम्हीच.

नातवाचेही खोटे नाही. दसरा आला की चित्रवाहिन्यांचे लोक नाचाचे चित्रण करायला येतात, पागोटी बांधायला सांगतात आणि दोन तासांत परत जातात. वर्षभरात दुसऱ्यांदा कॅमेरा आला तर समजावे की काहीतरी वाईट घडले आहे. 2020 च्या जानेवारीत म्हादई अभयारण्यात गोळावलीजवळ वाघीण आणि तिचे तीन बछडे मृतावस्थेत सापडले. त्या प्रकरणात आमच्या समाजातील एका कुटुंबातील व्यक्तींना अटक झाली. घडले ते भयंकरच होते. पण त्यानंतर कित्येक महिने आमच्या मुलांना वाळपईच्या बाजारात ‘वाघ मारणारे’ म्हणून हाक मारली जात होती, हे मी कानांनी ऐकले आहे. गुरे वाघाने नेली तर भरपाई कधी आणि किती मिळते, पंचनाम्याला कोण येते, तोवर घर कसे चालते, यावर एक मिनिटाची बातमी दिसली नाही. पुढे 2023 च्या जुलैमध्ये उच्च न्यायालयाने व्याघ्र प्रकल्प अधिसूचित करण्याचा आदेश दिला, तेव्हा सगळ्या चर्चांत वाघ होता, सरकार होते, पर्यावरणवादी होते. डोंगरावरचा माणूस पुन्हा पार्श्वभूमीला.

म्हणून माझे म्हणणे असे: आजोबा आणि नातू यांच्यातला एक निवडू नका, त्या अंगणातले भांडणच चित्रित करा. आमच्यात दोन मते असू शकतात, एवढे जरी बाहेरच्यांना दिसले तरी पुष्कळ झाले. आणि निवेदनासाठी कोणा भारदस्त आवाजाच्या गृहस्थाला आणू नका. आमची बोली मराठीही नाही आणि कोकणीही नाही, दोन्हींतले उचलून तिसरेच काही आहे. तिची उपशीर्षके करताना वाड्यावरचा एखादा शिकलेला मुलगा शेजारी बसवा. ‘रान’ या शब्दासाठी आपण प्रत्येक ठिकाणी ‘जंगल’ लिहिलेत तर अर्धा माहितीपट चुकेल.

उत्तर: पणजीकर

थोडे व्यावहारिक. नोव्हेंबरात पणजीच्या महोत्सवासाठी पाठवण्याचा विचार असेल, तर लक्षात ठेवा की सार्वजनिक प्रदर्शनासाठी 1952 च्या सिनेमॅटोग्राफ कायद्यानुसार माहितीपटालाही प्रमाणपत्र लागते. महोत्सवांना केंद्रीय माहिती व प्रसारण मंत्रालयाकडून सूट मिळते, पण त्यानंतर गावोगाव दाखवायचा तर प्रमाणपत्राला पर्याय नाही. अभयारण्याच्या हद्दीत चित्रीकरणाला वनखात्याची लेखी परवानगी लागते, ती घेतली होती ना? नसेल तर वकिलांचे टिपण पुन्हा एकदा वाचा.

उत्तर: मांडाबाहेर, केपे

वरची सर्व उत्तरे वाचून एक गोष्ट खटकली. आजोबा, नातू, दोघे तरुण, शिक्षक, संकलक; आजीचे एक वाक्य सोडले तर बोलणारे सगळे पुरुष. प्रश्नकर्त्याने रफ कट संध्याकाळच्या धारांनंतर अंगणात दाखवला, म्हणजे नेमका त्या वेळी जेव्हा बायका चुलीपाशी असतात. त्यांनी तो पाहिला का? ‘वाड्याची संमती’ मिळाली असे म्हणताना वाडा म्हणजे कोण?

माझा अनुभव सांगते. माझ्या आजोळी पौष महिन्यात धालो होतो. बहुतेक गावांत धालोच्या मांडावर, म्हणजे तो जिथे खेळतात त्या जागेवर, पुरुषांनी पाऊल टाकायचे नसते. रात्री उशिरा बायका दोन ओळींत समोरासमोर उभ्या राहून गातात. चित्रीकरणाची परवानगी मी मामांकडे मागितली, त्यांनी गावकारांना, म्हणजे गावच्या मानकऱ्यांना, विचारले, गावकारांनी आनंदाने ‘हो’ म्हटले. मी कॅमेरा घेऊन मांडावर गेले तर तिथल्या थोरल्या मावशीने विचारले, ‘‘बाय, तुला ‘हो’ कोणी म्हटले?’’ ज्यांचा मांड, त्यांना मी विचारलेच नव्हते. पुढच्या दोन रात्री त्या आपसात बोलत राहिल्या, मी नुसती बसून राहिले. शेवटी ठरले की कॅमेरा मांडाबाहेर राहील, आवाज घ्यावा, चेहरे नकोत, आणि शेवटच्या रात्री काहींच्या अंगात येते तेव्हा आवाजही बंद. माझ्या फिल्ममध्ये त्या ठिकाणी काळा पडदा आहे. काही प्रेक्षकांना तो तांत्रिक बिघाड वाटतो. वाटू दे.

कोणी सुचवेल की कॅमेराच त्यांच्या हाती द्या. अहमदाबादेत ‘सेवा’ या कष्टकरी स्त्रियांच्या संघटनेने 1984 पासून भाजी विकणाऱ्या, लिहिता-वाचता न येणाऱ्या बायकांना व्हिडिओ शिकवला आणि त्यांनी उत्तम काम केले. गोव्यात कार्यालय असलेल्या व्हिडिओ व्हॉलंटियर्स या संस्थेनेही देशभर अशी माणसे घडवली आहेत. मला ही वाट फार मोलाची वाटते, पण तिथेही कॅमेरा आधी घरातल्या मुलाच्या हातात जातो, सुनेच्या नाही, हे ध्यानात ठेवावे लागते. कॅमेरा कोणाच्याही हाती असो, कोणत्या वेळी, कोणत्या घरात, कोणासमोर विचारले, यावर उत्तर बदलते.

तेव्हा आपण एकदा दुपारी जा. भांडी घासून झालेली असतात आणि गुरे परतलेली नसतात, तेवढा एक तास त्यांचा असतो.

प्रश्नकर्ता: रानवाट, फोंडा (पाच आठवड्यांनंतर)

सर्वांना देव बरे करो. तालुक्याचा उल्लेख काढायला गेलो, तर संपादनाची मुदत संपलेली निघाली. या मंचाच्या संचालकांना विनंती केली आहे. चित्रीकरणाची माझी परवानगी अभयारण्याच्या हद्दीबाहेरच्या वाड्यापुरती होती. रानातले दृश्य घेताना मी तिच्या पलीकडे गेलो होतो. त्यामुळे ते 4 मिनिटांचे दृश्य जसेच्या तसे वापरण्याचा प्रश्न माझ्यापुरता मिटला आहे.

रशेसमध्ये माझा आवाज सापडला. वाक्य मला आठवत होते त्याहून बरेच उर्मट आहे. संकलक महाशय म्हणतात तसे दृश्य तिथून सुरू केले आहे. ते लॅपटॉपवर आजोबांना आणि नातवाला एकत्र दाखवले. नातू हसला. आजोबा हसले नाहीत. ‘‘मग माझे कांबळ खोटे ठरले का?’’ असे त्यांनी विचारले. त्यावर मी शिक्षकांचे ‘अर्ज’ हे वाक्य त्यांना सांगितले, ते त्यांनी दोनदा म्हणायला लावले. आता त्यांच्याच बोलण्यात तो मुद्दा यावा म्हणून पुन्हा एकदा मुलाखत घेणार आहे, या वेळी खुर्चीवर बसून.

दुपारी गेलो, तेव्हा सात बायका आणि चार मुली जमल्या. ताईंचा अंदाज बरोबर होता, पहिल्या खेपेस त्यांपैकी दोघींनीच शेवटची दहा मिनिटे पाहिली होती. ज्या दोन दृश्यांवरून एवढे रामायण झाले, त्यांविषयी त्या अवाक्षर बोलल्या नाहीत. त्यांनी तिसरेच दृश्य काढायला सांगितले. एक मुलगी शाळा का सुटली ते सांगते. दीड वर्षापूर्वी ती स्वतःहून बोलली होती, सहीही तिचीच आहे. आता तिच्या लग्नाची बोलणी चालू आहेत. मुलगी काही म्हणाली नाही, नुसती खाली पाहत राहिली. ते दृश्य मी तिथल्या तिथे तिच्यासमोर काढले, आणि प्रकल्पाच्या हार्ड डिस्कवरूनही पुसले. शिवाय, दुधाचा आणि शेणखताचा हिशेब पटात पुरुष सांगतात. दूध डोक्यावरून रस्त्यापर्यंत नेते कोण, हे तुला दिसले नाही काय, असे मला विचारण्यात आले. दिसले होते. चित्रणही आहे, साडेतीन तासांचे, आणि त्यातला एकही शॉट मी निवडला नव्हता.

वडीलधाऱ्यांच्या सहा मुलाखती अखंड स्वरूपात उतरवून झाल्या. त्यांपैकी दोन शेजारच्या गावातल्या आहेत. वकिलांनी म्हटल्याप्रमाणे नोंदवहीही सुरू केली आहे.

आजीच्या दृश्यातून डोंगराची कड काढली आणि आता फक्त वाड्याच्या कुंपणापर्यंतचे खूर, धुके आणि तिची पाठ ठेवली आहे. हे तिला दाखवले. तिने शेवटपर्यंत पाहिले आणि म्हणाली, ‘‘घंटा कोणाच्या?’’ पहाटे माइकमध्ये वारा भरला होता, म्हणून मी एका ध्वनिसंग्रहातला गुरांच्या घंटांचा आवाज टाकला होता, हे मला तिला सांगावे लागले. तिने गोठ्यात नेले आणि एकेका म्हशीच्या मानेला हात लावून कोणती घंटा कशी वाजते ते ऐकवले. एक तिच्या सासूच्या वेळची आहे, तिचा लोलक हरवला म्हणून आत खिळा बांधला आहे, ती टणत्कार न करता खरखरते. येत्या शनिवारी पहाटे मामेभाऊ आणि मी, कॅमेरा घरी ठेवून, नुसता माइक घेऊन जाणार आहोत.